सातमाशी

दिवाळीच्या चार दिवस आधीची गोष्ट, साल २०२२. पाटसला पेठेतल्या एका मेडिकलवर मी चिठ्ठी पुढं केली. काउंटरवरच्या पोरानं चिठ्ठी वाचली, माझ्याकडं बघितलं, पुन्हा चिठ्ठी वाचली. डोक्याला टोपी, गळ्यात तुळशीची माळ, पायताणाला चिखल, असा चौसष्ट वर्षांचा माणूस त्याच्यापुढं उभा. पोरगं पुढं वाकून हळूच म्हणालं, "बाबा, ही गोळी कुनाला पायजे?"

"नातवाला."

"नातू केवढाय?"

"चार म्हयन्याचा व्हईल आता."

बाकड्यावर दोघं जण बसले होते. एक जण मोठ्यानं हसला. दुसरा म्हणाला, "आबा, घ्यायची तर घ्या की. नातवाचं नाव कशाला पुढं करताय?"

मला काही कळेना. मग मालक आतून आला. त्यानं चिठ्ठीवरचा शिक्का वाचला. लहान मुलांच्या डॉक्टरचा. त्यानं त्या दोघांकडं असं बघितलं की ते गप झाले. गोळ्या कागदात गुंडाळून माझ्या हातात दिल्या आणि म्हणाला, "आबा, परत लागल्या की एक दिवस आधी सांगा, मी मागवून ठेवत जाईन." पण व्हायचं ते झालंच. संध्याकाळी पारावर सगळ्यांच्या तोंडी एकच, आबा तरणा झाला.

त्या गोळीचं नाव सिल्डेनाफिल. जग तिला ज्या नावानं ओळखतं ते इथं लिहीत नाही, वाचणाऱ्याला कळलं असेल. धाकटी लेक पुण्यात नर्स आहे, तिनं फोनवर समजावलं तेव्हा मी अंगणात एकटा बसून पोट धरून हसलो. इंग्लंडात ही गोळी केली होती छातीत कळ येणाऱ्यांसाठी. त्या कामी ती फार आली नाही, भलतंच काम करते असं ध्यानात आलं आणि १९९८ साली त्या भलत्या कामासाठी बाजारात आली. पुढं २००५ मध्ये फुप्फुसाच्या रक्तदाबावर म्हणून तिला परवानगी मिळाली. गोळी तीच. रक्ताच्या आवळलेल्या नळ्या सैल करायच्या, एवढंच तिला कळतं. कुणाच्या कुठल्या, ते तिला कळत नाही.

आमच्या नातवाच्या फुप्फुसातल्या नळ्या आवळलेल्या होत्या.

तो जन्मला त्याच्या आदल्या दिवशी गावात तुकोबांची पालखी होती. कोरोनानं दोन वर्षं वारी पायी निघाली नव्हती, त्यामुळं त्या साली माणूस मावत नव्हता. वरवंडहून पालखी पाटसला येते आणि पुढं रोटीचा घाट चढून बारामतीच्या अंगाला जाते. आमच्या वस्तीवर दिंडीसाठी पिठलं-भाकरी होती. सूनबाईला सातवा नुकता लागलेला. सकाळी ती चुलीपाशी बसलेली उठली ती पोट धरूनच. तिच्या पायाखालची फरशी ओली झालेली बघून आमच्या कारभारणीच्या हातातली परात खाली पडली.

जवळच्या दवाखान्यात नेलं. तिथल्या बाईंनी एक इंजेक्शन दिलं, म्हणाल्या बाळाची फुप्फुसं पिकायला, आणि १०८ ची गाडी बोलावून पुण्याला लावून दिलं. पुणं साठ-पासष्ट किलोमीटर. रस्त्यात समोरून दिंड्यांची रीघ. आम्ही उलट्या दिशेनं. मी गाडीत पुढं बसलेलो. भोंगा ऐकला की भगवी पताका बाजूला व्हायची, टाळ थांबायचे, गाडी पुढं गेली की मागं पुन्हा टाळ सुरू व्हायचे. यवतच्या अलीकडं एका म्हाताऱ्या वारकऱ्यानं जाता जाता काचेवर हात टेकवला. आत कोण आहे, काय झालंय, काही विचारलं नाही.

दुसऱ्या दिवशी रात्री मुलगा झाला. सत्तावीस आठवडे. वजन नऊशे साठ ग्रॅम. आमच्याकडं गुऱ्हाळावर किलोची ढेप काढतात, त्याहून हलका. तिसऱ्या दिवशी मला काचेबाहेरून दाखवला. तळहाताएवढं अंग, कातडी इतकी पातळ की आतल्या शिरा दिसाव्यात. नाकपुड्या फुलत होत्या. श्वास घेताना बरगड्यांखाली खड्डा पडत होता, छाती आत ओढली जात होती.

मी तिथंच खाली बसलो. लोकांना वाटलं, म्हाताऱ्याला भोवळ आली. भोवळ नव्हती. ही छाती मी आधी बघितली होती.

१९८० साल. लग्नाला दीड वर्ष झालेलं. मी १९७५ ला दहावी झालो, नव्या दहावीची ती पहिलीच परीक्षा, आणि पुढं न शिकता बापाच्या हाताखाली शेतीत पडलो. कारभारणीला तेव्हा सातवा चालू होता. १६ फेब्रुवारीला सूर्यग्रहण आलं. तिकडं कर्नाटक-आंध्राच्या पट्ट्यात खग्रास होतं, आमच्याकडं खंडग्रास, पण मोठं. दुपारनंतर उन्हाला राखेचा रंग आला. कोंबड्या खुराड्यात शिरल्या. गावात चिटपाखरू बाहेर नाही. गरवार बाईनं ग्रहणात चिरू नये, कुटू नये, शिवू नये, हे कुणी सांगावं लागत नव्हतं. आई देवळात जाऊन बसली होती. मी सकाळपासून उसाला दारं धरून परत आलो तो भुकेनं कावलेलो.

त्यानंतर पाचव्या दिवशी ती अडखळत घरी आली आणि रात्रीतून मुलगी झाली. आमची पहिली. सुईण म्हणाली, सातमाशी जगतं, आठमाशी जगत नाही, घाबरू नका. कापसात गुंडाळून, शेजारी निखाऱ्याची पाटी ठेवून आम्ही बसलो. पोरीच्या नाकपुड्या फुलायच्या. छातीला खड्डा पडायचा. दर श्वासाला कण्हल्यासारखा बारीक आवाज. दौंडला न्यावं असं दुसऱ्या दिवशी ठरलं, संध्याकाळच्या पॅसेंजरनं. पाटस स्टेशन वस्तीपासून लांब, बैलगाडी जुंपली, पण निघायच्या आधीच तिचे ओठ जांभळे झाले आणि तो आवाज थांबला. ओढ्याच्या कडेला लिंबाखाली तिला ठेवली. नाव ठेवायचं राहिलंच.

तेराव्याआधीच बायकांत बोलणं सुरू झालं. शेजारणीनं धुराड्यातून धूर निघताना बघितला होता. ग्रहणात हिनं विळी हातात घेतली, वांगी चिरली, म्हणून पोर निळं पडलं. आमच्या आईनंही तेच धरलं. ती वाईट बाई नव्हती, तिची स्वतःची तीन गेली होती, प्रत्येकाला काहीतरी कारण होतं. पण तिच्या मरेपर्यंत प्रत्येक ग्रहणाला ती सुनेला एका जागी बसवायची आणि म्हणायची, एकदा केलंस तेवढं बास झालं. कारभारीण कधी उलट बोलली नाही. पुढं आम्हाला दोन मुलं झाली, एक लेक झाली, सगळी पुऱ्या दिवसांची. तरी ग्रहण म्हटलं की तिचा चेहरा मातीसारखा व्हायचा.

यातली एक गोष्ट मी कुणाला सांगितलेली नव्हती. ती पुढं सांगतो.

पुण्याच्या दवाखान्यात आम्ही साडेतीन महिने काढले. दोन म्हशी त्यात गेल्या. त्याबद्दल लिहीत बसत नाही, ज्यांच्या घरी पेटीतलं बाळ झालंय त्यांना माहीत आहे. सूनबाई दर तीन तासाला दूध काढून द्यायची, ते नळीतून थेंब थेंब जायचं. पोराला, म्हणजे बाळाच्या बापाला, सदरा काढून बाळ छातीवर घेऊन बसायला लावलं तेव्हा तो आधी लाजला, मग दोन दोन तास हलायचा नाही. कोलंबियात बोगोटा म्हणून शहर आहे, तिथं १९७८ साली पेट्या पुरेनात म्हणून डॉक्टरांनी ही कांगारूची रीत काढली, असं तिथल्या भिंतीवर लिहिलेलं होतं. मला वाटलं, पैसे नसले की माणसाला चांगलं सुचतं.

वजन वाढत होतं. पण प्राणवायूची नळी काही सुटेना. काढली की आकडा खाली. मग एक दिवस टू-डी इको केला आणि डॉक्टर बाईंनी मला आणि पोराला आत बोलावलं. वयानं आमच्या लेकीएवढ्या. म्हणाल्या, "बाबा, काय करता?"

"शेती. ऊस."

त्यांनी कागद घेतला. म्हणाल्या, पोटात असताना बाळ श्वास घेत नाही. प्राणवायू आईकडून वारेतून येतो. मग फुप्फुसाला रक्त पाठवून उपयोग काय? म्हणून फुप्फुसाच्या नळ्या तेव्हा आवळलेल्या असतात आणि बहुतेक रक्त एका आडवाटेनं परस्पर पुढं जातं. जन्मल्यावर पहिला श्वास घेतला की या नळ्या सैल पडायच्या, रक्त फुप्फुसात शिरायचं आणि ती आडवाट काही दिवसांत बुजायची. तुमच्या बाळाचं फुप्फुस तयार व्हायच्या आधीच कामाला लागलं. हवेच्या पिशव्या कमी, नळ्या कमी, त्यात त्या जाड झालेल्या, आवळलेल्या. त्यामुळं फुप्फुसाकडं जाणाऱ्या रक्ताचा दाब वाढलाय.

मी म्हणालो, "म्हंजे मॅडम, व्हॉल्व्ह बंद ठिवून मोटार चालू केल्यागत?"

बाई पेन ठेवून माझ्याकडं बघत राहिल्या. म्हणाल्या, "अगदी तसंच. मोटारीचं काय होतं मग?"

"तापती. मग जळती."

"हृदयाची उजवी बाजू ही मोटार आहे."

शेतकऱ्याला याहून जास्त सांगावं लागत नाही. ठिबकच्या नळ्या क्षारानं चोंदल्या आणि कुणाच्या ध्यानात आलं नाही, तर मोटारीचं काय होतं हे मी दोनदा पैसे भरून शिकलोय. पण नळ्या बदलता येतात. मी विचारलं, हिच्या नळ्या कशा बदलायच्या? तेव्हा त्यांनी जे सांगितलं ते मला आजही सगळ्यात मोठं वाटतं. म्हणाल्या, बदलायच्या नाहीत, नव्या येतात. मूल जन्मल्यावर पुढची दोन-तीन वर्षं फुप्फुसाला नवीन पिशव्या, नवीन नळ्या फुटत राहतात. आपल्याला फक्त तोपर्यंत मोटार जळू द्यायची नाही. गोळीनं नळ्या सैल ठेवायच्या, प्राणवायू कमी पडू द्यायचा नाही, कारण तो कमी पडला की नळ्या आणखी आवळतात. आणि वजन वाढवायचं.

म्हणजे फुटवा. उसाला फुटवे येईस्तोवर पाणी तोडायचं नाही, तण वाढू द्यायचं नाही. हे मला जमण्यासारखं होतं.

ऑक्टोबरच्या पहिल्या पंधरवड्यात बाळ घरी आलं, नळीसकट. हवेतून प्राणवायू काढायचं मशीन गावातल्या तरुण मंडळाकडं होतं. कोरोनात वर्गणी काढून आणलेलं, नंतर धूळ खात पडलेलं. त्यांनी पुसून आणून दिलं. लहान बाळाला थेंबाथेंबानं सोडायचा वेगळा काटा लेकीनं पुण्याहून आणला. पायाच्या अंगठ्याला ऑक्सिमीटर. आकडा ब्याण्णवच्या खाली जाऊ द्यायचा नाही. कोरोनानं गावातल्या शेंबड्या पोरालाही तो आकडा शिकवला होता, त्यामुळं बघायला येणारा प्रत्येक जण आधी बाळाचा पाय बघायचा, मग तोंड. आशाताई ठरल्या दिवशी येऊन वजन करायची, हात धुतले का विचारायची. ही घरोघर जाऊन बाळ बघायची रीत आपल्याकडं गडचिरोलीत डॉ. अभय आणि डॉ. राणी बंग यांनी उभी केली. एकोणचाळीस गावांतल्या बायकांना त्यांनी शिकवलं आणि तिसऱ्या वर्षी तिथलं नवजात बाळांचं मरण बासष्ट टक्क्यांनी उतरलं. १९९९ साली ते साऱ्या जगानं वाचलं. आता आशाताई पिशवी घेऊन दारात आली की कुणाला त्याचं काही वाटत नाही. आमच्या १९८० च्या दारात सुईणीशिवाय कुणी नव्हतं.

घरी येऊन आठवडा झाला नाही तोच परतीच्या पावसानं झोडपलं. १७ तारखेच्या रात्री पुण्यात रस्त्यांच्या नद्या झाल्या, तो पाऊस. आमच्या वस्तीची लाईट रात्री नऊला गेली. मशीनचा आवाज बंद पडला आणि घरात एकदम इतकी शांतता झाली की बाळ रडायला लागलं. सिलिंडर ठेवलेला होताच, पोरानं नळी जोडली. मी बॅटरीच्या उजेडात वहीवर हिशेब मांडला. सिलिंडरमध्ये दीड हजार लिटर. मिनिटाला अर्धा लिटर. म्हणजे तीन हजार मिनिटं. म्हणजे पन्नास तास. तळ्यात किती पाणी आणि किती बारी होतील हा हिशेब आयुष्यभर केला, तोच हा. दुसऱ्या दिवशी सकाळी कळलं, ओढ्यापलीकडं दोन खांब आडवे झालेत. वायरमन कंबरेएवढ्या पाण्यातून आला. लाईट आली तेव्हा एकतीस तास झाले होते. एकोणीस उरले होते. मी ते एकोणीस खोडून वहीवर पुन्हा पन्नास लिहिले, म्हणजे सिलिंडर भरून आणायची आठवण राहावी.

गोळी दिवसातून चार वेळा. सकाळी सहा, दुपारी बारा, संध्याकाळी सहा, रात्री बारा. अख्खी गोळी नाही. छोट्या खलात बारीक करायची, ठरल्या मापाच्या पाण्यात विरघळवायची, त्यातली ठरलेली रेघ पिचकारीत ओढायची, उरलेलं टाकून द्यायचं. वेळ चुकवायची नाही, आपल्या मनानं बंद तर मुळीच करायची नाही, दाब परत उसळतो. सूनबाई रात्रीची, कारभारीण संध्याकाळची, अशा पाळ्या लागल्या.

लक्ष्मीपूजनाच्या दुसऱ्या दिवशी, २५ ऑक्टोबरला, सूर्यग्रहण होतं. पंचांगात ग्रस्तास्त लिहिलेलं, म्हणजे सूर्य ग्रासलेलाच मावळणार. पावणेपाच-पाचला लागणार. मला ते आठवडाभर आधीच दिसलं होतं, मी बोललो नव्हतो. कारभारणीलाही दिसलं असणार.

आदल्या रात्री लेक आलेली होती. जेवणं झाल्यावर तिनं आईला जवळ घेतलं आणि नर्सिंगमध्ये शिकलेलं एक एक सांगायला बसली. म्हणाली, आई, १९६३ साली अमेरिकेचा राष्ट्राध्यक्ष केनेडी होता. त्याला मुलगा झाला, साडेपाच आठवडे आधी. आपल्या ताईपेक्षा दांडगा, दोन किलोच्या वर. जगातले सगळ्यात मोठे डॉक्टर होते. एकोणचाळीस तासांत गेला. फुप्फुस कच्चं म्हणून.

कारभारीण बराच वेळ गप होती. मग म्हणाली, "त्या बाईला सासू व्हती का?"

"असंल की."

"मग तिला काय म्हनली असंल?"

लेक हसली नाही. पुढं सांगू लागली. न्यूझीलंडात डॉ. लिगिन्स म्हणून होते, ते मेंढ्यांवर प्रयोग करायचे. मेंढीला दिवस भरायच्या आधी व्यायला लावायचे. एका औषधानं व्यायलेल्या मेंढीचं कोकरू जगायला नको इतकं लवकर आलं, तरी श्वास घेत होतं. बघितलं तर त्याची फुप्फुसं पिकलेली. तेच औषध त्यांनी डॉ. हॉवींबरोबर बायकांना देऊन बघितलं आणि १९७२ साली छापलं. वहिनीला निघताना जे इंजेक्शन दिलं ते हेच. आणि जपानचे डॉ. फुजिवारा, त्यांनी अशा दहा बाळांच्या फुप्फुसात नळीनं औषध सोडलं, ते छापून आलं १९८० साली. आई, तुझ्याच साली.

ते औषध गाईच्या फुप्फुसापासून केलेलं होतं, हे लेकीनं मला नंतर बाजूला घेऊन सांगितलं. आमच्या नातवालाही तसंच जनावराच्या फुप्फुसाचं दिलेलं. मी माळकरी. माळेला हात लावला आणि म्हटलं, बरं झालं आधी कुणी विचारलं नाही.

पण रात्रभर डोक्यात घोळत राहिलं ते मेंढ्यांचं. ते इंजेक्शन आमची पोर व्हायच्या आठ वर्षं आधीच जगात होतं. तेव्हाही आमच्या शेतात धनगरांच्या मेंढ्या बसत होत्या. जगात होतं आणि पाटसला नव्हतं. पाटसलाच कशाला, मोठमोठ्या देशांतसुद्धा डॉक्टरांना ते वापरायचा भरवसा यायला पुढं वीस वर्षं लागली म्हणे. आणि आम्ही ग्रहणाला धरून बसलो.

ग्रहणाच्या दिवशी दुपारपासून वस्तीवर सामसूम. पाण्याच्या भांड्यात तुळशीची पानं टाकून झाली. शेजारची म्हातारी कुंपणावरूनच सांगून गेली, बाळाला बाहेर काढू नका, सूनबाईला कशाला हात लावू देऊ नका. सूनबाई बाळाला घेऊन आत पडली होती, तिचा डोळा लागला होता. पाच वाजून गेले. उन्हाला तोच राखेचा रंग आला. मी ओट्यावर बसून होतो आणि घड्याळाकडं बघत होतो. लेक सकाळच्या गाडीनं ड्युटीवर गेली होती. सहाला गोळी होती. मला पिचकारीची रेघ नीट दिसत नाही, नाहीतर मीच केली असती.

सहाला पाच मिनिटं असताना कारभारीण उठली. हात धुतले. कोनाड्यातला खल घेतला आणि आत न जाता ओट्यावर, माझ्याशेजारी, पश्चिमेकडं तोंड करून बसली. गोळी टाकली आणि कुटायला लागली. टिक टिक टिक. शेजारच्या वस्तीपर्यंत ऐकू जावं एवढा आवाज.

मी म्हणालो, "अगं."

"काय?"

"तवा कालवण मीच मागितलं व्हतं."

बेचाळीस वर्षं माझ्या पोटात होतं ते एवढंच. दारं धरून आलो होतो, भूक लागली होती, ती नको म्हणत होती, आई येऊ द्या म्हणत होती. मी म्हणालो, माझी भूक ग्रहण बघत बसंल का? म्हणून तिनं विळी घेतली. पुढं आई तिला बोलली तेव्हा मी समोर होतो. शेजारणी बोलल्या तेव्हाही होतो. मला एक वाक्य बोलायचं होतं आणि मी ते बोललो नाही. आईचा राग माझ्यावर यावा एवढंच त्यानं झालं असतं.

ती कुटायची थांबली नाही. म्हणाली, "मला काय ठावं न्हाई व्हय? पाण्याचं माप कुठंय, ते द्या आदी."

मी माप दिलं. तिनं पाणी ओतलं, ढवळलं, पिचकारी उजेडाकडं धरून रेघ बघितली. उजेड होताच कुठं म्हणा. अर्धा खाल्लेला सूर्य उसाच्या तुऱ्यांच्या मागं गेला होता.

त्या हिवाळ्यातलं आणखी एक सांगायचं राहतं. आमच्या भागात ऊस गेला की पाचट पेटवतात. मीही तीस वर्षं पेटवत आलो, कुट्टी करून जमिनीत गाडावं हे कृषी खात्याचे लोक सांगून थकले होते. धुरानं नळ्या आवळतील म्हटल्यावर आमच्या रानातलं मी त्या साली पहिल्यांदा गाडलं. पण पश्चिमेचं रान भावकीतल्याचं. बांधाच्या भांडणावरून अकरा वर्षं आमचं बोलणं नव्हतं, कोर्टात तारखा चालू होत्या. त्याचा ऊस जानेवारीत गेला. मी दोन दिवस घुटमळलो, मग बांधावर जाऊन उभा राहिलो. तो ट्रॅक्टरवर होता. मी बाळाचं सांगितलं. त्यानं ऐकून घेतलं, हं म्हणाला नाही की हूं म्हणाला नाही, ट्रॅक्टर चालू करून निघून गेला.

चार दिवसांनी सकाळी त्याचा नातू सायकलवर आला. "आबा, आमचा आजा म्हनतोय, आज रातच्याला पेटवनार हाय. वारं तुमच्याकडंच हाय. बाळाला गावात न्या म्हनं."

पेटवलं त्यानं पेटवलंच. पण सांगावा धाडला. आम्ही सिलिंडर, मशीन, खल, सगळं जीपमध्ये घालून गावठाणात मेव्हण्याच्या घरी तीन दिवस राहिलो. आल्यावर बघितलं तर आमच्या घराच्या बाजूच्या चार सऱ्या त्यानं न पेटवता तशाच सोडलेल्या. बांधाचा दावा अजून चालू आहे.

प्राणवायू अर्ध्याचा पाव लिटर झाला, मग फक्त झोपेत, आणि मे महिन्यात सुटला. दर वेळी इको, दर वेळी बाई कागदावर नवा आकडा लिहायच्या, दाब उतरत होता. मशीन मंडळाला परत दिलं. पुढच्या पालखीला बाळाला गर्दीत न्यायचं नाही असं सांगितलेलं, म्हणून आम्ही लांब उसाच्या कडेला उभं राहून रोटी घाटाकडं जाणाऱ्या पताका त्याला दाखवल्या. त्यानं पताकांकडं बघितलं नाही, माझी टोपी ओढली.

गोळी कमी कमी करत ऑगस्टमध्ये बंद झाली. शेवटची मात्रा संध्याकाळी सहाची. त्या रात्री मला झोप लागेना. बाराच्या सुमाराला बघतो तर कारभारीण अंथरुणात उठून बसलेली. उठली, पलीकडच्या खोलीत गेली. मीही मागं गेलो. तिनं दिवा न लावता बाळाच्या छातीवर हात ठेवला आणि बराच वेळ तसाच ठेवला. मग पांघरूण सारखं केलं.

"तुमची उद्या रात्रपाळीची लाईट हाय ना?" ती म्हणाली. "दारं धरायला जायचंय. झोपा मग."